रेडिओचे पैसे कोण भरतो?

वाण्याच्या दुकानात साखरेची पुडी हातात पडायच्या आधी पैसे मोजावे लागतात. नाटकाला जावे तर तिकीट पाहणारा दारातच उभा असतो. रेडिओचे तसे नाही. केंद्रावरून एकदा आवाज निघाला की तो गिरगावच्या चाळीत, दादरच्या ब्लॉकात आणि लालबागच्या खोलीत सारखाच पोचतो. पैसे भरलेल्याच्या घरी शिरावे आणि न भरलेल्याचे दार चुकवावे, हे त्या लहरींना कुठून कळणार? मग गवयाची बिदागी, निवेदकाचा पगार, विजेचे बिल हे सारे द्यायचे कुणी? प्रश्न साधा दिसतो खरा. पण याच प्रश्नापायी मुंबईत पहिले व्यापारी नभोवाणी केंद्र काढणारी कंपनी तीन वर्षेसुद्धा तग धरू शकली नाही. तिची हकीकत आज ऐकण्यासारखी आहे.

मुंबईला रेडिओची ओळख त्याआधीच झाली होती. ऑगस्ट १९२१ मध्ये टाइम्स ऑफ इंडियाच्या मुंबईच्या कचेरीतून, टपाल आणि तार खात्याच्या साहाय्याने, संगीताचा एक खास कार्यक्रम प्रक्षेपित झाला आणि गव्हर्नर सर जॉर्ज लॉइड यांनी तो पुण्याला बसून ऐकला. जून १९२३ मध्ये मुंबईच्या रेडिओ क्लबाने कार्यक्रम सुरू केले. पण हा सगळा हौशी मंडळींचा उद्योग. रीतसर धंदा म्हणून नभोवाणी चालवण्याचा करार 'इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी'ने सरकारशी १९२६ साली केला, आणि २३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते तिच्या मुंबई केंद्राचे उद्घाटन झाले. महिन्याभराने कलकत्त्याचे केंद्र निघाले. मुंबईचे यंत्र दीड किलोवॅटचे. त्याचा आवाज चांगला ऐकू येण्याचा टापू सुमारे तीस मैलांचा. कार्यक्रमांचे वेळापत्रक छापणारे 'इंडियन रेडिओ टाइम्स' हे पाक्षिकही त्याच जुलैत निघाले.

आता पैशाची व्यवस्था कशी होती ते पाहू. त्या वेळी जगात दोन वाटा होत्या. अमेरिकेत न्यूयॉर्कच्या एका केंद्राने १९२२ सालीच वेळ विकायला काढली होती, आणि तिथले पहिले गिऱ्हाईक होते घरे विकणारी एक कंपनी! इंग्लंडने दुसरी वाट धरली. तिथे ऐकणाऱ्याने वर्षाला दहा शिलिंगांचे लायसन काढायचे आणि त्यातला वाटा केंद्र चालवणाऱ्या कंपनीला मिळायचा. आपल्याकडे इंग्लंडचाच कित्ता गिरवला गेला. लायसनची फी वर्षाला १० रुपये. त्यातले ८० टक्के कंपनीला. शिवाय परदेशातून येणाऱ्या रेडिओच्या सामानाच्या किमतीवर १० टक्के.

कागदावर हे झकास होते. पण जरा हिशेब मांडून पाहा. कंपनीने उभे केलेले भांडवल सुमारे सहा लाख रुपये. त्यांतले साडेचार लाख दोन केंद्रे उभारण्यातच गेले. चालू खर्च महिना सुमारे ३३ हजार. काटकसर करकरून तो २४ हजारांवर आणला. म्हणजे वर्षाला दोन लाख ८८ हजार. आणि लायसने किती? आरंभी सगळ्या देशात हजारभर, १९२८ अखेर सहा हजारांच्या घरात आणि १९२९ अखेर पावणेआठ हजारांच्या आसपास. इतक्या लायसनांमागे आठ-आठ रुपये धरले तरी वर्षाची जमा होते साठ-बासष्ट हजार. आयात मालावरचे दहा टक्के आले तरी ते खिंडार बुजणार कसे? १ मार्च १९३० रोजी कंपनी दिवाळखोरीत निघाली.

मग लोक रेडिओ ऐकतच नव्हते काय? ऐकत होते की! पण ऐकणारे सगळेच लायसन काढत नव्हते. केंद्राच्या जवळपास राहणाऱ्याला तर क्रिस्टल सेट पुरत असे. खनिजाच्या एका खड्यावर बारीक तारेचे टोक टेकवायचे, खिडकीबाहेर एरियलची तार सोडायची आणि हेडफोन कानाला लावायचे. ना बॅटरी, ना वीज. लहरींतून आलेल्या शक्तीवरच हे यंत्र कुजबुजते. असा सेट घरात ठेवून कुणी गुपचूप ऐकत बसला, तर त्याला पकडणार कोण? विनालायसन सेट बाळगणे हाच गुन्हा ठरवणारा कायदा झाला १९३३ साली आणि अमलात आला १९३४ च्या जानेवारीत. तोवर कंपनी इतिहासजमा झाली होती.

दुसरीही गोष्ट आहे, आणि ती मला अधिक महत्त्वाची वाटते. दूरचे स्पष्ट ऐकू येणारा, व्हॉल्व्हचा सेट महाग. तो साहेबांच्या बंगल्यात, व्यापाऱ्याच्या दिवाणखान्यात शोभायचा. परळ-लालबाग केंद्रापासून किती लांब? हाकेच्या अंतरावर म्हणा ना! पण तिथल्या गिरणी कामगाराला दहा रुपयांचे लायसन आणि वर सेट परवडणार कुठून? कंपनी धडपडत होती त्याच १९२८ साली मुंबईच्या गिरण्यांत एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत संप चालला. सुमारे दीड लाख माणसे कामाबाहेर होती. ज्या शहरात एवढी वस्ती रेडिओच्या गिऱ्हाइकांत धरलीच जात नव्हती, त्या शहरात गिऱ्हाईक कमी पडले याचे नवल ते काय?

कंपनी गेली, पण केंद्र वाचले. एप्रिल १९३० मध्ये सरकारने ते चालवायला घेतले. मंदीचे दिवस. ऑक्टोबर १९३१ मध्ये सरकारनेही ते बंद करायचे ठरवले. तेव्हा ओरड झाली, निर्णय फिरवावा लागला आणि मे १९३२ मध्ये नभोवाणी कायम ठेवण्याचे ठरले. पैशाची तजवीज म्हणून रेडिओच्या सामानावरची जकात २५ वरून ५० टक्के केली. पुढे जून १९३६ मध्ये या संस्थेला 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव मिळाले.

सरकारी तिजोरीतून पैसे येऊ लागल्याने एक गोष्ट साधली. ज्याच्यापासून कसलाही नफा नाही, अशाही माणसासाठी कार्यक्रम करता येऊ लागला. मुंबई केंद्राची 'कामगार सभा' गिरणगावात घराघरांत ऐकली जाई, ती अशी. पण सरकारी कारभाराची दुसरी बाजूही होती. १९५२ साली आकाशवाणीने सिनेसंगीताकडे पाठ फिरवली आणि आमच्या चाळींतले रेडिओ सरळ सिलोनकडे वळले. ३ डिसेंबर १९५२ पासून अमीन सयानी यांची 'बिनाका गीतमाला' तिथून सुरू झाली. गंमत बघा! कार्यक्रम मुंबईत ध्वनिमुद्रित व्हायचा, फीत कोलंबोला जायची, आणि समुद्रावरून गाणी पुन्हा गिरगावात यायची. खर्च टूथपेस्टवाल्याचा. श्रोत्याला वाटे, फुकट मिळाले! वास्तविक ते पैसे पेस्टच्या ट्यूबमागे तोच भरत होता.

आकाशवाणीने ३ ऑक्टोबर १९५७ रोजी 'विविध भारती' काढली. आणि १ नोव्हेंबर १९६७ पासून मुंबई, पुणे, नागपूर येथे तिच्यावर जाहिराती सुरू झाल्या. अशा रीतीने चाळीस वर्षांनी मुंबईत पुन्हा व्यापारी नभोवाणी आली. या खेपेस ती टिकली, कारण मधल्या काळात ट्रान्झिस्टर स्वस्त झाला होता आणि लालबागच्या खोलीतला माणूस गिऱ्हाईक म्हणून मोजला जाऊ लागला होता. श्रोत्याचे लायसन मात्र चालूच होते. पोस्टात पुस्तक घेऊन रांगेत उभे राहिल्याचे, आणि ज्यांनी ते काढले नव्हते त्यांनी तपासनीस आल्याच्या नुसत्या वार्तेने रेडिओवर चादर टाकल्याचे अनेकांना आठवत असेल. १९८० नंतरच्या दशकात ते लायसन गेले.

२००२ साली मुंबईत खाजगी एफएम केंद्रे निघाली, तेव्हा जुनी चूक नव्या रूपाने परत आली. लिलावात बोललेली परवाना-फी दरवर्षी १५ टक्क्यांनी वाढायची. जाहिराती मिळोत न मिळोत. केंद्रे तोट्यात गेली. शेवटी २००५ च्या धोरणात फी उत्पन्नाशी जोडून ती ४ टक्के, किंवा ठरलेली किमान रक्कम, यांपैकी जी जास्त ती, अशी केली. १९२७ च्या कंपनीचा हिशेब कुणी उघडून पाहिला असता तर हे आधीच सुचले असते. आणि या केंद्रांतल्या बहुतेकांनी मराठी मुलखाच्या राजधानीत हिंदी गाणी पसंत केली, याचेही मूळ तिथेच आहे. जाहिरातदाराला जे गिऱ्हाईक हवे, त्याच्या आवडीचे गाणे लागते.

तेव्हा पुढच्या वेळी दोन गाण्यांच्या मध्ये साबणाची जाहिरात लागली, तर नुसता कान बंद करू नका. या अर्ध्या मिनिटाचे पैसे कुणी भरले, आणि त्याला आपण गिऱ्हाईक म्हणून हवे आहोत की नाही, एवढे मनाशी विचारा. आपल्या बोलीतले, आपल्या वस्तीचे काही ऐकावेसे वाटत असेल, तर केंद्राला पत्र टाका. १९३१ साली बंद पडू घातलेले केंद्र लोकांच्या ओरडीनेच वाचले होते.