कापलेले दोर आणि परतीची पाठवणी

कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२३ मध्ये ‘सिंहगड’ आणि १९२४ मध्ये ‘कल्याण खजिना’ हे दोन ऐतिहासिक मूकपट काढले. मूकपटात पात्रांचे बोलणे ऐकू येत नसे, अत्यावश्यक तेवढा मजकूर मधूनमधून पडद्यावर पाट्यांच्या रूपाने दाखवला जाई. त्यामुळे दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांना एका चित्रपटात निष्ठा आणि दुसऱ्यात दया जवळजवळ शब्दांवाचून उभी करावी लागली.

‘सिंहगड’ हरि नारायण आपटे यांच्या कादंबरीवर आधारलेला होता. १६६५ च्या पुरंदरच्या तहाने कोंढाणा, म्हणजेच सिंहगड, मोगलांकडे गेला होता. त्या अर्थाने किल्लेदार उदेभान राठोडही आपल्या धन्याच्या मिठाला जागूनच पडला, याचा प्रेक्षकाला सहसा विसर पडतो. किल्ला घ्यायला आलेला शिवाजी महाराजांचा सरदार तानाजी मालुसरे पडल्यावर मावळे कच खाऊन माघारी वळतात, तेव्हा त्याचा भाऊ सूर्याजी कड्यावरचे दोर कापून टाकतो, ही परंपरेने आलेली कथा मूकपटाला जणू आयतीच मिळाली, कारण दोर तुटला की परतीची वाट संपली हे सांगायला पाटी लागत नाही. चित्रपटातला वृद्ध शेलारमामा रंगवला तो पंचविशीही न गाठलेल्या व्ही. शांताराम यांनी.

‘कल्याण खजिना’तली दया दाखवणे त्याहून अवघड. कल्याणच्या सुभेदाराची सून कैद होऊन शिवाजी महाराजांसमोर आणली जाते आणि ते तिला मानाने परत पाठवतात, या कथेला समकालीन कागदपत्रांचा आधार नसला तरी ती लोकमानसात पक्की रुजलेली आहे. तिचे सारे मर्म एक गोष्ट न घडण्यात आहे: तलवार उपसली जात नाही, कोणी कोसळत नाही, फक्त विजेत्याची नजर बदलते आणि ती बदललेली मागच्या रांगेतल्या प्रेक्षकालाही कळावी लागते. नाटकांचे पडदे रंगवण्यात हात बसलेल्या आणि पात्रांच्या वेशभूषेची रेखाटने आधी करून ठेवणाऱ्या पेंटरांसारख्या चित्रकाराकडेच असे काम यावे, हे योग्यच होते.

पुढे १९३० मध्ये प्रभात फिल्म कंपनीच्या मूकपटात शांताराम स्वतः शिवाजी महाराज झाले. त्याचे मूळ नाव ‘स्वराज्याचे तोरण’. त्यातल्या ‘स्वराज्य’ या शब्दाला ब्रिटिश सेन्सॉरने हरकत घेतली आणि हा मूकपट ‘उदयकाल’ या नावाने पडद्यावर आला.