रूपाचे ओझे

नटाचे रूप ही त्याची मिळकत की त्याच्यावरील बोजा, हा प्रश्न मराठी रंगभूमीपुरता विचारावयाचा झाल्यास नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व (१८८८–१९६७) यांचेच नाव प्रथम पुढे येते. १९०५ साली ते किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झाले. पुढे ‘मानापमाना’तील भामिनी (१९११) आणि ‘स्वयंवरा’तील रुक्मिणी (१९१६) यांच्या द्वारे त्यांनी जे स्त्रीरूप उभे केले, ते प्रेक्षागृहापुरते राहिले नाही. त्यांची लुगडे नेसण्याची ढब, नथ, अंबाड्यातील फुले यांचे अनुकरण घरंदाज स्त्रिया करू लागल्या.

यातील विसंगती सहसा नीटशी न्याहाळली जात नाही. कुलीन स्त्रीला रंगभूमीवर पाऊल टाकण्यास मज्जाव होता. आणि तिने कसे दिसावे याचा वस्तुपाठ मात्र एक पुरुष देत होता. त्या रूपाला ना बाळंतपण ठाऊक, ना चुलीचा धूर. अशा मापाने स्वतःला मोजणारी गृहिणी उणी ठरणार हे उघडच होते. त्या उणेपणाची नोंद नाट्यसमीक्षेत सहसा सापडत नाही. समीक्षक पुरुष होते, हे त्याचे एक कारण असावे.

खुद्द नटालाही हे रूप स्वस्तात पडले नाही. ‘मानापमाना’च्या पहिल्याच प्रयोगाच्या दिवशी त्यांची तान्ही मुलगी वारली, तरीही भामिनी रंगभूमीवर आली. रसिकांनी या प्रसंगाची कर्तव्यनिष्ठा म्हणून वाखाणणी केली. भामिनीच्या वेषात वावरणाऱ्या बापाच्या मनाचा विचार त्या मानाने थोडाच झाला. उंची शालू, अत्तरे आणि रंगसजावट यांपायी गंधर्व नाटक मंडळी कर्जात रुतली, हे तर सर्वश्रुतच आहे.

परंतु खरी किंमत वयाने वसूल केली. १९३५ साली ‘प्रभात’च्या ‘धर्मात्मा’ चित्रपटात त्यांनी संत एकनाथांची पुरुषभूमिका केली. तोवर स्त्रिया रंगभूमीवर येऊ लागल्या होत्या, बोलपटही स्थिरावला होता. स्त्रीपार्टाची गरज सरत चालली होती. तथापि बालगंधर्व चित्रपटात रमले नाहीत. ते नाटकाकडे परतले आणि पन्नाशी उलटल्यावरही नायिकेचाच वेष चढवीत राहिले. स्थूल झालेल्या देहावर लोक जुनी रुक्मिणी शोधीत होते. ती सापडेना तेव्हा त्यांना कीव येई. पुढे पाय निकामी झाल्यावर ते बसूनच भजने गात असत.