एंजिनाचे तीन सेवक

अमेरिकेतील फोर्ड कंपनीने १९०८ ते १९२७ या काळात 'मॉडेल टी' नावाच्या दीड कोटीहून अधिक मोटारी तयार केल्या. या मोटारीची एक गंमत सांगतात. टाकीत पेट्रोल कमी असताना समोर तीव्र चढ आला, की चालक मोटार वळवून घेई आणि मागच्या बाजूने, म्हणजे उलटी, चढावर नेई!

असे का? या मोटारीची पेट्रोलची टाकी पुढच्या बैठकीखाली होती. टाकीतले पेट्रोल एंजिनाकडे जाई ते केवळ उताराने, आपल्या वजनाने. चढावर मोटारीचे नाक वर झाले की एंजिन टाकीपेक्षा उंचावर येई आणि पेट्रोल पोहोचेनासे होई. मोटार उलटी केली की टाकी वर आणि एंजिन खाली. प्रश्न सुटला!

या एंजिनात वंगण तेलासाठीही पंप नव्हता. फिरते गतिचक्र तळाचे तेल वर उडवी, ते एका नळीत पडे आणि घरंगळत भागांपर्यंत जाई. पाण्याचा पंप पहिल्या अडीच हजार मोटारींत होता, पण पुढे तोही काढून टाकण्यात आला. गरम पाणी हलके होऊन वर चढते आणि थंड पाणी खाली उतरते, एवढ्या एका नियमावर पाणी एंजिनातून रेडिएटरमध्ये व तेथून परत फिरत राही.

म्हणजे तीन द्रव, आणि पंप एकही नाही. मग आजच्या मोटारीत इंधनाचा, वंगणाचा आणि पाण्याचा असे तीन पंप का लागतात? आणि विजेच्या मोटारी येऊ लागल्यावर जगभरातील या पंपांच्या व्यापाराचे काय होणार? पहिल्या प्रश्नाचे उत्तर समजले, की दुसऱ्याचे उत्तर बरेचसे आपोआप मिळते.

उष्णता वाढली, पंप आले

मॉडेल टीचे एंजिन २.९ लिटरचे होते आणि त्याची शक्ती होती २० अश्वशक्ती. आज आपल्या रस्त्यावरच्या लहान मोटारीचे १.२ लिटरचे एंजिन ८० अश्वशक्तीच्या आसपास शक्ती देते. आता भागाकार करा. तेव्हा एका लिटरमागे सुमारे ७ अश्वशक्ती मिळत होती, आज ६५ हून अधिक मिळते. तेवढ्याच जागेत नऊपट काम!

काम वाढले म्हणजे उष्णताही वाढली. इंधनातील ऊर्जेचा ढोबळ मानाने एक तृतीयांश भाग चाके फिरवण्याच्या कामी येतो, एक तृतीयांश धुराबरोबर निघून जातो आणि उरलेला भाग एंजिनाच्या धातूत शिरतो. सिलिंडरमध्ये जळणाऱ्या वायूचे तापमान काही क्षण २००० अंश सेल्सियसच्याही वर जाते. ॲल्युमिनियम तर ६६० अंशांना वितळते! ही उष्णता सतत बाहेर काढली नाही, तर एंजिन थोड्याच वेळात निकामी होईल. गरम पाणी सावकाश वर चढण्याची वाट पाहणे आता परवडणारे नाही. त्याला ढकलावेच लागते.

तीन द्रव, तीन तऱ्हा

तिघांचेही नाव 'पंप' असले तरी त्यांची रचना एकसारखी नसते. ज्याचे जसे काम, तशी त्याची घडण.

पाण्याचा पंप हा अपकेंद्री पंप असतो. भिजलेली छत्री गरगर फिरवली की पाणी कडेने दूर फेकले जाते. तेच तत्त्व येथे वापरतात. पात्यांचे एक चक्र फिरते आणि मध्यभागी आलेले पाणी कडेकडे फेकते. या पंपाला भरपूर पाणी कमी दाबाने हलवायचे असते. समजा, एंजिन थंड आहे म्हणून थर्मोस्टॅटने रेडिएटरची वाट बंद ठेवली. तरी बिघडत नाही. पाती पाण्यातच घुसळत राहतात, काही फुटत नाही.

वंगणाचा पंप पुष्कळदा दंतचक्रांचा असतो. एकमेकांत अडकलेली दोन दंतचक्रे फिरतात. दात आणि भिंत यांच्यामधल्या कप्प्यांत अडकलेले तेल पुढे ढकलले जाते. त्याला मागे यायला वाट नसते. म्हणून हा पंप तेलाला चांगला दाब देऊ शकतो, साधारणपणे हवेच्या दाबाच्या दोन ते पाचपट. तेल फिरता दंड आणि त्याचे बेअरिंग यांच्यामध्ये शिरते आणि काही हजारांश मिलिमीटर जाडीचा थर बनवते. या थरावर दंड तरंगतो, धातूला धातू लागत नाही. पंप बंद पडला तर हा थर नाहीसा होतो, धातू धातूवर घासतो आणि एंजिन 'जाम' होते. डॅशबोर्डवर तेलाच्या झारीचे लाल चित्र दिसले तर गाडी ताबडतोब बाजूला घेऊन एंजिन बंद करावे, असे सांगतात ते यासाठीच. मात्र कप्प्यांत अडकलेले तेल पुढे जाणारच, त्यामुळे वाट तुंबली तर दाब धोकादायक होईल. म्हणून या पंपाला जादा दाब सोडून देणारी झडप बसवावी लागते.

इंधनाच्या पंपाचे काम सर्वांत नाजूक. ते किती नाजूक आहे, हे एक हिशेब करून पाहू. एक मोटार ताशी ६० किलोमीटर वेगाने चालली आहे आणि लिटरमागे १५ किलोमीटर जाते. म्हणजे तासाला ४ लिटर इंधन. एंजिन चार सिलिंडरांचे असून मिनिटाला २००० फेरे घेते. दोन फेऱ्यांत प्रत्येक सिलिंडरला एकदा इंधन लागते. म्हणजे एका सिलिंडरला मिनिटाला १००० वेळा, चौघांना मिळून ४००० वेळा आणि तासाला २,४०,००० वेळा. चार लिटर म्हणजे ४००० मिलिलिटर. भागाकार केला की एका वेळचे इंधन येते मिलिलिटरचा साठावा भाग. डोळ्यांत घालायच्या औषधाच्या एका थेंबाचासुद्धा हा जेमतेम तिसरा हिस्सा! आणि तो अचूक क्षणी, अचूक मापात, दर वेळी तेवढाच मिळायला हवा.

एका पंपासाठी तीस वर्षे

या नाजूकपणामुळे एका मोठ्या शोधाला कित्येक वर्षे अडकून पडावे लागले. रुडॉल्फ डिझेल यांचे एंजिन १८९७ मध्ये जर्मनीत यशस्वी रीतीने चालले. दाबून तापवलेल्या हवेत तेल फवारायचे, की ते आपोआप पेटते, ही त्यामागची कल्पना. पण तेल आत फवारण्याजोगा पंपच त्यांच्याजवळ नव्हता. म्हणून ते दाबलेल्या हवेच्या जोराने तेल आत घालत. त्यासाठी हवा दाबणारे वेगळे अवजड यंत्र लागे. त्यामुळे डिझेल एंजिन कारखान्यांत आणि जहाजांवरच राहिले.

१९२७ मध्ये जर्मनीतील बॉश कंपनीने डिझेलसाठी दट्ट्याच्या पंपाचे मोठ्या प्रमाणावर उत्पादन सुरू केले. या पंपातील दट्ट्या आणि त्याची नळी यांच्यामधली फट मिलिमीटरच्या दोन ते चार हजारांश एवढीच असते. आपला केस याच्या वीसपट जाड असतो! दट्ट्यावर तिरकी खाच कापलेली असते. दट्ट्या जरा फिरवला की आत जाणाऱ्या तेलाचे माप बदलते. हवा दाबणारे अवजड यंत्र गेले आणि डिझेल एंजिन ट्रकमध्ये मावू लागले. १९३६ मध्ये ते मर्सिडिझ-बेंझच्या मोटारीतही आले.

आपल्या देशात हे तंत्र आणण्यासाठी १९५१ मध्ये बंगळूर येथे 'मायको' ही कंपनी स्थापन झाली. २००८ पासून तिचे नाव बॉश लिमिटेड आहे. नाशिकला तिचा कारखाना असून तेथे डिझेल फवारणीचे भाग तयार होतात. तालुक्याच्या गावी 'डिझेल पंप व नोझल दुरुस्ती' अशी पाटी तुम्ही वाचली असेल. त्या दुकानाची मुळे या इतिहासात आहेत.

पुढे आणखी एक पायरी आली. सर्व सिलिंडरांसाठी एकच जाड नळी ठेवायची, तिच्यात पंपाने प्रचंड दाबाचे तेल भरून ठेवायचे आणि विजेवर उघडणाऱ्या झडपांनी ते हवे तेव्हा सोडायचे. याला 'कॉमन रेल' म्हणतात. जपानच्या डेन्सो कंपनीने १९९५ मध्ये ट्रकसाठी आणि बॉशने १९९७ मध्ये मोटारींसाठी ही पद्धत बाजारात आणली. आज या नळीतील दाब हवेच्या दाबाच्या दोन हजारपटींवर जातो. समुद्रात दर दहा मीटर खोलीला दाब एका वातावरणाने वाढतो. म्हणजे एवढा दाब अनुभवायला २० किलोमीटर खोल जावे लागेल, आणि जगातील सर्वांत खोल समुद्रही सुमारे ११ किलोमीटरच खोल आहे!

बाजार कोण हलवतो?

जगात वर्षाला सुमारे नऊ कोटी मोटारी, ट्रक व बसगाड्या तयार होतात. त्यांपैकी सुमारे तीन कोटी एकट्या चीनमध्ये बनतात. तेव्हा पंपांचा व्यापार गाड्यांच्या संख्येवर चालतो, असे आपल्याला वाटेल. ते खरे आहे, पण अर्धेच. बाजाराला मोठे वळण मिळते ते नियमांमुळे. आपल्याकडचेच उदाहरण पाहा.

१ एप्रिल २०२० रोजी भारतात धुराविषयीचे 'भारत स्टेज ६' हे कडक नियम लागू झाले. तोवर आपल्या बहुतेक मोटारसायकलींत पेट्रोल मॉडेल टीप्रमाणेच उताराने कार्ब्युरेटरमध्ये उतरत असे. नव्या नियमांत बसण्यासाठी इंधन मोजून फवारणे भाग पडले, आणि फवारायचे तर दाब हवा. म्हणून बहुतेक नव्या दुचाक्यांच्या टाकीत विजेवर चालणारा एक छोटा पंप आला. वर्षाला कोटींच्या संख्येने दुचाक्या बनवणाऱ्या देशात एका नियमाने केवढी मागणी निर्माण केली, याचा अंदाज तुम्हीच बांधा.

याच नियमाने उलट काम केल्याचेही दिसते. लहान डिझेल मोटारी नियमांत बसवणे महाग पडू लागले आणि मारुती-सुझुकीने त्या बनवणे थांबवले. युरोपात २०१५ मध्ये विकल्या गेलेल्या नव्या मोटारींपैकी निम्म्याहून अधिक डिझेलच्या होत्या. त्याच वर्षी फोक्सवॅगन कंपनीने धुराच्या चाचणीत फसवणूक केल्याचे उघडकीस आले. २०२४ पर्यंत डिझेलचा वाटा आठात एक इतका घसरला.

या व्यापाराची आणखी एक बाजू आहे. मोजके कारखाने अनेक कंपन्यांना पंप पुरवतात. त्यामुळे एक बारीकशी चूक जगभर पसरते. डेन्सोच्या काही पंपांतील प्लॅस्टिकचे चक्र पेट्रोल शोषून फुगते आणि पंप अडकून मोटार चालता चालता बंद पडू शकते, असे आढळले. २०२० मध्ये एकट्या टोयोटाने यासाठी जगभरातून पन्नास लाखांहून अधिक मोटारी दुरुस्तीला परत बोलावल्या.

तिघांपैकी राहणार कोण?

आता विजेच्या मोटारींकडे वळू. २०२४ मध्ये जगात विकल्या गेलेल्या नव्या मोटारींपैकी पाचांत एकाहून अधिक मोटारी पूर्णपणे किंवा अंशतः बॅटरीवर चालणाऱ्या होत्या. बॅटरीवरच चालणाऱ्या मोटारीत आपल्या तीन सेवकांचे काय होते?

इंधनाच्या पंपाला कामच उरत नाही. तो जातो. वंगणाच्या पंपाचे काम पुष्कळ कमी होते. मोटारीचे दंतचक्र आणि काही वेळा विजेची मोटर यांना तेल पोचवण्यापुरता एखादा छोटा पंप काही गाड्यांत असतो. पण पाण्याचा पंप? तो राहतो, इतकेच नव्हे तर एकाचे दोन-तीन होतात! बॅटरीला सुमारे २० ते ४० अंश तापमान मानवते. जलद भारण करताना ती तापते, म्हणून तिला वेगळे थंड करावे लागते. विद्युत मोटर आणि तिचे नियंत्रक यांनाही थंडावा लागतो.

मात्र हा पंप जुन्यासारखा नसतो. जुना पंप पट्ट्याने एंजिनाला बांधलेला. एंजिन जोरात तर तो जोरात, एंजिन मंद तर तो मंद. घाट चढून आलेली गाडी वर थांबली, की एंजिन तापलेले असते आणि नेमका तेव्हाच पंप मंदावतो. थंडीच्या सकाळी गरज नसतानाही तो फिरतच राहतो आणि इंधन खातो. विजेवरचा पंप गरजेप्रमाणे चालतो. बीएमडब्ल्यूने २००४ मध्ये पेट्रोल एंजिनालाच असा पंप लावला आणि टोयोटाने २००९ च्या प्रियसमध्ये तो वापरला. म्हणजे विजेच्या मोटारींना लागणारे तंत्र पेट्रोलच्या गाड्यांतच तयार होत होते.

ट्रॅक्टर, मालवाहू जहाजे, जनित्रे आणि जुन्या ट्रकांची डिझेल एंजिने काही एका रात्रीत थांबणार नाहीत. त्यांना सुटे भाग आणि दुरुस्ती अनेक वर्षे लागेल. परंतु आज दहावीत असलेल्या ज्या विद्यार्थ्याला आयटीआयमध्ये जाऊन हा व्यवसाय शिकायचा आहे, त्याने केवळ नोझलचा दाब मोजायला शिकून भागणार नाही. त्याला विजेची छोटी मोटर, तापमानाचे संवेदक आणि त्यांचे नियंत्रक यांचीही ओळख हवी. हजारांश मिलिमीटरपर्यंत अचूक काम करण्याची हाताची सवय मात्र दोन्हीकडे उपयोगी पडेल.

करून पाहा

जवळच्या गॅरेजमध्ये शिक्षकांसह जा. एंजिन बंद असताना, कारागिराच्या परवानगीने एका गाडीतील तिन्ही पंप कोठे आहेत ते पाहा. प्रत्येक पंपाविषयी तीन प्रश्न विचारून उत्तरे वहीत लिहा: तो कशाने फिरतो? त्याचा दाब किती? तो बंद पडला तर आधी काय बिघडते? मग एखाद्या विजेच्या गाडीविषयी हेच प्रश्न विचारा आणि दोन्ही उत्तरांचा तक्ता वर्गात लावा.