कॅमेऱ्याला प्रश्न विचारणारी माणसे

दुःख दाखवणे वेगळे आणि दुःखिताची बाजू घेणे वेगळे. माहितीपटाची सामाजिक बांधिलकी तपासायची तर हा फरक आधी ध्यानात घ्यावा लागतो. आनंद पटवर्धन यांच्या दोन चित्रपटांवरून तो स्पष्ट होतो.

‘हमारा शहर’ (१९८५) हा मुंबईतील झोपड्या पाडण्याच्या मोहिमेवरचा चित्रपट. त्यात घर गमावलेली माणसे बोलतात, तसे त्यांना हुसकावू पाहणारे अधिकारी आणि सुखवस्तू नागरिकही बोलतात. सोसणाऱ्यांवर रोखलेला कॅमेरा सोसायला लावणाऱ्यांकडेही वळतो. याच चित्रपटात एक स्त्री दिग्दर्शकालाच फैलावर घेते. आमची चित्रे घेऊन तुमचे नाव होईल, आमच्या पदरी काय पडणार, असा तिचा सवाल आहे. हा भाग कापून टाकणे सोपे होते. पटवर्धनांनी तो ठेवला.

याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. संतापून जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला. १० जण ठार झाले. १५ जुलैला घोगरे यांनी आत्महत्या केली. डाव्या चळवळीत गाणाऱ्या या शाहिराने मरताना डोक्याला निळी पट्टी बांधली होती. ती का, या प्रश्नाच्या मागावर निघालेला ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ साली पुरा झाला. १४ वर्षे दिग्दर्शक वस्त्यांत, मोर्चांत, जयंतीच्या मिरवणुकांत जात राहिला. वृत्तपत्रांची नजर दुसरीकडे वळल्यावरही तो तिथे होता. म्हणूनच त्यातील गाणी करमणुकीची राहत नाहीत. ती साक्ष होतात. जानेवारी २०१२ मध्ये हा चित्रपट भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत, ज्यांचा तो होता त्यांच्यासमोर, दाखवला गेला.

मी डहाणू तालुक्यात, आगर येथे शिक्षक आहे. आमच्याकडे कॅमेरे येतात ते तारपा नाचासाठी आणि भिंतीवरच्या वारली चित्रांसाठी. तारपा वाजवणाऱ्याची जमीन कोणाच्या नावावर आहे, भातकापणीनंतर तो मजुरीला कुठे जातो, हे त्या चौकटीत सहसा येत नाही. याच भागात, तलासरीजवळच्या झरी गावी, मे १९४५ मध्ये वारली वेठबिगारीविरुद्ध एकत्र आले होते. तो लढा ‘जेव्हा माणूस जागा होतो’ (१९७०) या पुस्तकात लिहिणाऱ्या गोदावरी परुळेकर आधी त्या माणसांत राहिल्या, लढल्या. मग लिहित्या झाल्या. हाच क्रम महत्त्वाचा. २०२४ साली वाढवण बंदराला केंद्राची मंजुरी मिळाली. किनाऱ्यावरच्या मच्छीमारांनी त्याला विरोध केला आहे. तेव्हा कॅमेरे पुन्हा येणारच.

त्यांना कार्यकर्त्यांनी तीन प्रश्न जरूर विचारावेत. किती दिवस राहणार? आम्हाला विचारता तसे मालकाला आणि साहेबालाही विचारणार का? तयार झालेला चित्रपट आमच्या पाड्यावर आणून दाखवणार का?

आज माझ्या विद्यार्थ्यांच्या हातीही कॅमेरा असलेला फोन आहे. हे प्रश्न त्यांनी प्रथम स्वतःला विचारावेत.