पाझराच्या आधाराने उभा वृक्षनेचा

महादेवाच्या यात्रेला कधीच कुणी गेलं नाही, असं घर विदर्भात शोधावं लागतं. नागपंचमीला नागद्वारी, महाशिवरात्रीला खांद्यावर त्रिशूळ घेऊन चौरागड. सातपुड्यातल्या पचमढीचे हे डोंगर वालुकाश्माचे. त्यांना पडलेल्या चिंचोळ्या, खोल घळींमध्ये एक झाड उभं आहे. त्याला फूल येत नाही, फळ नाही, बीसुद्धा नाही. शास्त्रीय नाव सायथिया जायजॅन्टिया. आता पुष्कळ अभ्यासक त्याला अल्सोफिला या प्रजातीत घालतात. आपण वृक्षनेचा म्हणू.

मी तो पहिल्यांदा पाहिला कॉलेजच्या वनस्पतिशास्त्राच्या सहलीत. वर पठारावर साग आणि साल, पायाखाली वाळका पाचोळा. घळीत पन्नास-साठ पावलं उतरलो आणि हवाच बदलली. कातळ ओला, त्यावर शेवाळाची गादी, आणि वळणावर माणसाच्या दुप्पट उंचीचा काळपट खांब. त्याच्या माथ्यावर दोन-अडीच मीटर लांबीच्या पिसांसारख्या पानांची छत्री उघडली होती. मधोमध कोवळी पानं गुंडाळलेली, गोगलगायीच्या शंखासारखी, तपकिरी खवल्यांनी झाकलेली. पानांचे देठ काळे, चकचकीत. बुंध्यावर हात ठेवला तर साल लागलीच नाही. लागल्या त्या मुळ्या, एकीत एक गुंतलेल्या, काथ्यासारख्या, आणि दाबल्यावर ओल्या.

तो बुंधा म्हणजे खरं तर लाकूड नव्हेच. साग दरवर्षी जाड होतो, कारण सालीच्या आत त्याचा वाढीचा थर असतो. नेच्याला तसा थर नाही, त्यामुळे वर्षाचं वलयही पडत नाही. वय मोजायला आत काही सापडत नाही. खोड वर वाढत जातं आणि त्यातूनच मुळ्या फुटून खाली उतरतात, खोडाभोवती आवरण घालतात. बुडाशी जी जाडी दिसते ती बहुतेक या मुळ्यांची.

सरांनी गळून पडलेल्या पानाचा एक तुकडा उलटा करून दाखवला. खाली ओळीने मोहरीहून बारीक ठिपके. प्रत्येक ठिपका म्हणजे बीजुककोशांचा, म्हणजे बियांऐवजी नेच्याला येणाऱ्या बीजुकांच्या पिशव्यांचा, पुंजका. तो तुकडा मी रात्री वहीच्या कोऱ्या पानावर उपडा ठेवला. सकाळी उचलला तर कागदावर पानाची नक्षी जशीच्या तशी, तपकिरी भुकटीने काढलेली. बीजुककोश वाळताना त्याच्या भोवतीची जाड पेशींची कडी ताणली जाते आणि एका क्षणी गोफणीसारखी झटका देऊन बीजुकं उडवते. माझ्या वहीवर रात्रभर अशा गोफणी सुटत होत्या. वहीचं ते पान मी अजून जपून ठेवलं आहे.

पण बीजुकातून लगेच झाड होत नाही. आधी उगवतो पिंपळपानाच्या आकाराचा, नखाहून लहान, पातळ हिरवा पापुद्रा. त्याच्या पोटाशी नर आणि मादी पेशी तयार होतात, आणि नरपेशीला मादीपर्यंत पोहत जावं लागतं. अंतर केसाएवढं, पण पाण्याचा थर सलग हवा. तो तुटला की सगळं तिथेच संपलं. म्हणून वृक्षनेचा जिथे आपणहून वाढतो, तिथे ओल टिकते असं खुशाल समजावं.

पचमढीत साधारण दोन हजार मिलिमीटर पाऊस पडतो, तोही बहुतेक चारच महिन्यांत. मग मे महिन्यात ही झाडं जगतात कशी? उत्तर दगडात आहे. वालुकाश्म सच्छिद्र, पावसाळ्यात पाणी पितो आणि पुढे महिनोन्‌महिने घळीच्या भिंतींतून पाझरतो. भिंती इतक्या जवळ की ऊन दुपारी थोडा वेळच तळाशी पोचतं आणि गरम वारा वरूनच निघून जातो. भोवती रखरखाट असताना आत पावसाळ्याची उरलेली ओल असते.

हीच जात ईशान्य भारतात आहे, सह्याद्रीच्या दक्षिण भागात आहे, श्रीलंकेपासून पूर्वेला थेट जावापर्यंत आहे. मधल्या कोरड्या प्रदेशात पचमढीसारखी मोजकी बेटं. सुंदरलाल होरा या मत्स्यशास्त्रज्ञाने 1949 मध्ये सातपुड्याचा सिद्धांत मांडला: पूर्व हिमालयातले जीव एके काळी अधिक ओल्या असलेल्या सातपुड्यावरून सह्याद्रीत पोचले असावेत. त्याचा मुख्य आधार होता डोंगरी ओढ्यांतले मासे, आणि त्यावर पुढे वादही झाले. नेच्याची बीजुकं वाऱ्यावर दूर जातात, त्यामुळे एकट्या नेच्यावरून हा रस्ता सिद्ध होत नाही. तरीही त्या घळीत उभं राहिल्यावर होरांचा विचार मनातून जात नाही.

ऑर्किड लावायला बुंध्यावरच्या मुळ्यांचं आवरण फार चांगलं, म्हणून जगभर वृक्षनेचे तोडले गेले. सायटिस या आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात सायथिया आहे. परवान्याशिवाय त्याचा परदेशी व्यापार करता येत नाही. खोड तोडलं की बहुधा झाडच जातं, कारण वाढीचं टोक एकच, माथ्यावरचं. पण मला जास्त काळजी वाटते ती पाझराची. वर झाडी विरळ झाली, झऱ्याचं पाणी पाइपाने वळवलं, तर मोठे नेचे काही वर्षं तसेच उभे राहतील आणि सगळं ठीक आहे असं वाटेल, पण खाली नवे उगवणार नाहीत.

त्यामुळे आता घळीत उतरलो की छत्रीकडे नंतर पाहतो. आधी गुडघ्यावर बसून ओल्या कातळाची कड शोधतो, शेवाळाच्या शेजारी ती इवली पिंपळपानं आहेत का म्हणून. मागच्या खेपेला भिंग धरलं तेव्हा एका पापुद्र्याच्या खाचेतून पहिलं पान वर आलेलं दिसलं, दोऱ्याएवढं, टोकाशी अजून गुंडाळलेलं.