मुंबई गोदीचा स्फोट (लेखांक सहावा) : गासडीच्या पोटातील आग

जहाजावरील सोन्याच्या विटांचा हिशेब या लेखांकात देण्याचे योजले होते; परंतु स्फोट झालेल्या 'फोर्ट स्टिकीन' या जहाजाच्या कोठारात सुमारे 900 टन पाणी ओतूनही आग का विझली नाही, असा प्रश्न एका वाचकाने विचारला आहे, आणि त्याचे उत्तर दुर्घटनेच्या मुळाशीच जाणारे असल्यामुळे सोने आणखी एक आठवडा थांबू शकते. हे उत्तर दारूगोळ्यात नसून कापसात आहे.

या जहाजाचे नाव निघाले की त्यावरील 1,395 टन स्फोटक मालाची आठवण होते. कराचीला चढवलेल्या सुमारे 8,700 कापसाच्या गासड्यांचा उल्लेख मात्र ओझरताच केला जातो. मुंबईच्या कापूस बाजारात खंडी 784 पौंडांची आणि दाबून बांधलेली गासडी तिच्या निम्मी, म्हणजे 392 पौंडांची मानली जाई. सर्व गासड्या या प्रमाण वजनाच्या धरल्या तर त्यांचे एकूण वजन दीड हजार टनांवर जाते, म्हणजे जहाजावर दारूगोळ्याहून कापूसच अधिक होता. बर्कनहेडहून निघताना जहाजात असलेली विमाने कराचीला उतरल्यावर जागा मोकळी झाली, आणि युद्धकाळात जहाजाचा कोपराही रिकामा ठेवणे परवडण्याजोगे नसल्यामुळे त्या जागेत कापूस, तेलाची पिंपे, लाकूड आणि मोडीचे लोखंड भरले गेले. शांततेच्या काळात कोणताही जाणता गोदी अधिकारी कापूस आणि स्फोटके यांचा असा शेजार घडू देता ना.

कापसाचा तंतू म्हणजे जवळजवळ शुद्ध सेल्युलोज, अर्थात वनस्पतीच्या पेशींची भिंत ज्याची बनते तो ज्वालाग्राही पदार्थ. हा तंतू आतून पोकळ असतो आणि गासडी यंत्राने कितीही आवळली तरी तंतूंच्या आत व मध्ये हवा उरतेच. मोकळा कापूस भपकन पेटतो आणि तितक्याच लवकर संपतो; गासडी मात्र भडकत नाही, ती धुमसते. विस्तव पृष्ठभागाखाली आत आत सरकत जातो, कोंडलेल्या हवेवर जगतो, आणि बाहेरून फारशी ज्वाला न दिसता तासन्‌तास टिकतो. वरून मारलेले पाणी घट्ट दाबलेल्या थरात सहजासहजी शिरत नाही, त्यामुळे बाहेरून निथळणारी गासडी पोटात लाल असू शकते. म्हणूनच कापसाच्या गोदामात आग विझवण्याची खरी रीत म्हणजे गासडी बाहेर ओढून, पट्ट्या तोडून ती उकलणे आणि मग भिजवणे, ही होय. कोंदट धुराने भरलेल्या कोठारात, जेथे माणूस उतरणेच अशक्य झाले होते, तेथे ही रीत निरुपयोगी होती.

याहून घातक गोष्ट पाण्याने केली. दाबलेली गासडीही पाण्याहून हलकीच असते, म्हणून ती तरंगते. क्रमांक 2 च्या कोठारात कापूस तळाशी आणि अत्यंत संवेदनशील 'अ' वर्गातील स्फोटके त्याच्या वरच्या मजल्यावर होती; त्यामुळे कोठारात पाण्याची पातळी जसजशी वाढली तसतसा धुमसता कापूस तिच्याबरोबर वर चढून स्फोटकांच्या जवळ जात राहिला. अग्निशमन दलाच्या जवानांनी शर्थ केली, पण त्यांच्या हातातील प्रत्येक नळी नकळत आगीलाच उचलून धरत होती. जहाजाच्या पोलादी कुशीवरील रंग उष्णतेने फुगू लागला, तेव्हा आगीचा नेमका ठाव लागला खरा. मात्र तोवर फार उशीर झाला होता. दुपारी 2 च्या सुमारास लक्षात आलेल्या आगीचा शेवट 4 वाजून 6 मिनिटांनी पहिल्या स्फोटात झाला.

त्यानंतरही कापसाचे काम संपले नव्हते. स्फोटाने उडवलेल्या जळत्या गासड्या इतर जहाजांवर, गोदामांवर आणि गोदीलगतच्या वस्तीवर कोसळल्या, व प्रत्येक गासडी पडेल तेथे नवी आग लावत गेली. एकाच वेळी अनेक ठिकाणी पेटलेल्या आगींमागे केवळ स्फोटाचा धक्का नव्हता, तर धुमसत राहण्याचा, म्हणजेच विस्तव दूरवर वाहून नेण्याचा, कापसाचा हा गुणही होता.

चौकशीत घातपाताचा पुरावा मिळाला नाही. कोणीतरी टाकलेल्या सिगारेटने कापूस पेटला असावा, असा सर्वमान्य तर्क आहे. तो बरोबर असेलही, परंतु सिगारेटला दोष देऊन विषय मिटवणे हा या प्रकरणातील सर्वांत सोयीस्कर निष्कर्ष होय. गोदीत थोटके रोजच पडत, गासड्याही रोजच उतरत. त्या दिवशी वेगळी होती ती मालाची रचना, आणि ती कराचीतच ठरली होती. स्फोटक माल असल्याचा इशारा देणारा लाल बावटा जहाजावर का नव्हता, हा प्रश्नही येथेच येतो. परंतु त्यासाठी स्वतंत्र लेखांक लागेल. पुढील आठवड्यात मात्र नक्की सोन्याच्या विटा.