हरवलेली कुस्ती

१८९६ साली मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे दाखविली गेली. त्यांनी भारावलेले छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, अर्थात सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागविला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्ती व १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांचे स्वागत त्यांनी चित्रबद्ध केले. आपल्याकडील वार्तापटाचा हा आरंभ होय.

त्याच १८९९ साली तोक्योत त्सुनेकिची शिबाता यांनी काबुकी नटांचे ‘मोमिजीगारी’ टिपले. जपानने ती फीत जपली आणि २००९ मध्ये तिला महत्त्वाच्या सांस्कृतिक ठेव्याचा दर्जा दिला. सावेदादांची कुस्ती मात्र आज कोणासही पाहावयास मिळत नाही.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने यात नवल नाही. खेळ संपला की फितीचे बाजारमूल्यही संपते. न जन्मलेल्या प्रेक्षकांची मागणी बाजार नोंदवीत नाही. म्हणूनच जतनाचा भार समाजाने उचलावा लागतो. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये. तोवर साठ वर्षे उलटून गेली होती.

गिरगाव-लालबागच्या घरांत, शाळांच्या कपाटांत मिरवणुकांच्या, संमेलनांच्या जुन्या फिती आजही पडून असतील. त्या भंगारात जाण्यापूर्वी त्यांची साधी मोजदाद तरी आपण करणार की नाही?